दलदलीतले दिवे आणि भ्रमाचा प्रश्न

मंडळी, विषय जाहीर झाल्यावर दोघा-तिघांनी फोन करून विचारलं, ‘सर, शंकराचार्य सोडून आता परीकथा का?’ उत्तर द्यायला आम्हाला चाळीस वर्षं मागं जावं लागेल. वर्गात रज्जुसर्प शिकवत होतो. खाडीकाठच्या गावातला एक विद्यार्थी उठला. म्हणाला, ‘आमच्या आजीनं खाजणात दिवे चालताना बघितलेत. तोही सापच का?’ आम्ही म्हणालो, ‘मिथेन वायू. बस खाली.’ वर्ग हसला. मुलगा बसला, आणि वर्षभर पुन्हा काही बोलला नाही.

आता टॉल्किनकडे येऊ. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’चा दुसरा खंड, ‘द टू टॉवर्स’, १९५४ साली निघाला. त्यात फ्रोडो आणि सॅम गॉलमच्या मागोमाग एक दलदल ओलांडतात. रात्री पाण्यावर फिकट दिवे पेटतात. सॅम अडखळून पडतो, तोंड पाण्यालगत जातं आणि त्याला खाली प्रेतांचे चेहरे दिसतात. फार पूर्वी शेजारच्या मैदानावर मोठी लढाई झाली होती. मेलेल्यांना तिथंच पुरलं. पुढं दलदल पसरत गेली आणि तिनं थडगी गिळली.

हे दिवे काय आहेत, ते लेखक सांगत नाही. पण गॉलमनं प्रयोग केलेला आहे! त्यानं एकदा त्या चेहऱ्यांना हात लावून बघायचा प्रयत्न केला होता. कशासाठी, हे सॅम ओळखतो आणि शहारतो. हाताला काहीच लागलं नाही. फक्त दिसतं, सापडत नाही.

आता आमचा रज्जुसर्प इथं लावून बघा. दिवा आणला, दोरी दिसली, साप गेला. याला आपण बाध म्हणतो. इथं बाध झालाय, स्पर्शानं सांगितलंय की तिथं काही नाही, आणि तरी चेहरे दिसतायत. म्हणजे रज्जुसर्पाचं उदाहरण इथं चालत नाही. वेदान्त्यांकडं यासाठी दुसरी वर्गवारी आहे, सोपाधिक भ्रम. स्फटिकाजवळ जास्वंद ठेवलं की स्फटिक लाल दिसतो. तो लाल नाही हे कळलं तरी लालच दिसतो. नुसत्या ज्ञानानं भागत नाही, फूल उचलावं लागतं. मृगजळाचंही तेच.

तर मग या दलदलीतलं जास्वंद कोणतं? आमच्या मते ती लढाई. न मिटलेली. म्हणून ‘दिवे खरे की खोटे?’ हा समीक्षकांचा आवडता प्रश्न आम्हाला चुकीच्या जागी विचारलेला वाटतो.

टॉल्किन १९१६ साली सोमच्या लढाईत होता, त्यामुळं ही दलदल म्हणजे फ्रान्सचे खंदक, असं सर्रास लिहिलं जातं. त्यानं स्वतः १९६० च्या एका पत्रात ते काही अंशी मान्य केलंय. पण त्याच पत्रात, त्याहून जास्त ऋण विल्यम मॉरिसच्या कादंबऱ्यांचं आहे, असंही तो म्हणतो. अर्धं पत्र वाचायची सवय आपल्याकडंही आहे, असो. आम्हाला खंदकांपेक्षा वेगळीच गोष्ट महत्त्वाची वाटते. ज्या कादंबरीत सज्जन आणि दुर्जन इतके काटेकोर वेगळे ठेवलेत, तिथं या पाण्याखाली एल्फ, माणसं आणि ऑर्क एकत्र कुजतायत. एकाच उजेडात. एवढ्या मोठ्या पुस्तकात इतका धीट उजेड आम्हाला दुसरा आठवत नाही.

२००२ च्या सिनेमानं नेमकं हेच घालवलं. तिथं फ्रोडो पाण्यात पडतो, भुतं हात पुढं करून झडप घालतात, गॉलम त्याला ओढून काढतो. हाताला लागणारं भूत आलं की कोडं संपलं, उरली मारामारी. पुस्तकातले मेलेले कुणाला धरत नाहीत. फ्रोडो आपणहून खिळून उभा राहतो, हे जास्त भयंकर आहे.

आता आपल्या रत्नागिरीकडं. जॅक्सननं जमवलेल्या साहित्यावरून एन्थोव्हेननं १९१५ साली कोकणच्या लोकसमजुतींचं पुस्तक काढलं. त्यातली बरीच माहिती आपल्याच जिल्ह्यातल्या शाळामास्तरांनी पुरवलेली. वेताळ, देवचार, समंध, मुंजा, गिऱ्हा, खवीस, प्रत्येकाला नाव आहे. आपल्याकडं दिवा दिसला की पहिला प्रश्न, ‘कुणाचा?’ वेताळाची पालखी मशाली घेऊन निघाली असेल तर वाट सोडायची, सीमेवरचा राखणदार असेल तर नारळ ठेवायचा. म्हणजे व्यवहार शक्य आहे. टॉल्किनच्या दलदलीत नारळ ठेवायचा कुणापुढं? तिथल्या मेलेल्यांना मागणं नाही, नाव नाही. त्याच्या कल्पनेची ही ताकद आहे, पण आम्हाला ती उणीवही वाटते. तीन प्रवासी जातात आणि त्या चेहऱ्यांसाठी कुणी काही करत नाही. लेखकही पुढं निघून जातो.

काहीजण म्हणतील, आरे-वारेला थंडीत लाटा निळ्या चमकतात, तेही पूर्वी गूढच होतं. बरोबर. तो नॉक्टिल्युका नावाचा सूक्ष्मजीव, पाणी ढवळलं की उजळतो. तिथं उत्तर पुरं आहे. खाजणातल्या दिव्यांचं तसं नाही. मिथेन आपोआप पेट घेत नाही, हे आम्हाला तेव्हाही ठाऊक असायला हवं होतं. वर्ग मात्र हसला होता.

त्या मुलाला खरं तर एवढंच विचारायचं होतं, की आजी ते दिवे कुणाचे म्हणायची?

चला, आता तुमचे प्रश्न घेऊ.