जोसेफ मॅझिनी (मराठी ग्रंथ)

इटालियन देशभक्त व प्रजासत्ताकवादी विचारवंत जूझेप्पे (जोसेफ) मॅझिनी (१८०५–७२) याच्या आत्मचरित्रपर टिपणांचा व निवडक राजकीय लेखनाचा विनायक दामोदर सावरकर (१८८३–१९६६) यांनी केलेला मराठी अनुवाद. लंडन येथे इंडिया हाउसमध्ये वास्तव्य असताना सावरकरांनी तो इंग्रजी भाषांतरावरून १९०६ मध्ये सिद्ध केला व त्यांचे ज्येष्ठ बंधू गणेश दामोदर यांनी तो १९०७ मध्ये प्रसिद्ध केला. पुढे ब्रिटिश सरकारने त्यावर बंदी घातली आणि सु. चार दशके तो मराठी वाचकास उघडपणे उपलब्ध नव्हता.

मॅझिनीचे नाव हिंदुस्थानात त्यापूर्वीच परिचित झाले होते. सुरेंद्रनाथ बॅनर्जी यांनी बंगालमधील विद्यार्थ्यांपुढे त्याच्यावर व्याख्याने दिली होती आणि लाला लजपतराय यांनी उर्दूत त्याचे चरित्र लिहिले होते. सावरकरांच्या ‘अभिनव भारत’ (१९०४) या गुप्त संघटनेचे नावच मॅझिनीच्या ‘तरुण इटली’ची (१८३१) आठवण करून देणारे होते. त्यामुळे या ग्रंथाचे महत्त्व अनुवादापेक्षा त्याच्या प्रदीर्घ प्रस्तावनेत अधिक आहे. ऑस्ट्रियाच्या वर्चस्वाखालील इटली आणि इंग्रजांच्या अमलाखालील हिंदुस्थान यांची तुलना, शिक्षण व युद्ध या मॅझिनीच्या दुहेरी मार्गाचा पुरस्कार आणि धर्म व राजकारण यांच्या ऐक्याबाबत रामदासांचे स्मरण हे तिचे प्रमुख विषय होत. बंगालच्या फाळणीनंतरच्या (१९०५) वातावरणात ही तुलना वाचकाच्या मनाला सहज पटणारी होती.

तथापि एकोणिसाव्या शतकातील इटलीची कोणती वळणे या ग्रंथातून दिसतात आणि कोणती आड राहतात, हा प्रश्न समीक्षकास टाळता येत नाही. ज्याला येथे आत्मचरित्र म्हटले आहे ते सलग लिहिलेले आत्मवृत्त नव्हे. १८६१ पासून मॅझिनीचे समग्र लेखन प्रसिद्ध होऊ लागले, तेव्हा जुन्या लेखांना जोड म्हणून त्याने ही टिपणे लिहिली. साहजिकच त्यांचा भर कटांच्या, हद्दपारीच्या व अपयशी उठावांच्या वर्षांवर आहे : कार्बोनारीशी संबंध असल्याच्या संशयावरून झालेला सव्होनाचा कारावास, मार्सेय येथील ‘तरुण इटली’ची स्थापना, सॅव्हॉयवरील फसलेली मोहीम (१८३४). १८४९ च्या रोमन प्रजासत्ताकात मॅझिनी त्रिमूर्तीपैकी एक शास्ता होता. त्याच्या आयुष्यातील सत्तेचा हा एकमेव काळ काही महिनेच टिकला आणि फ्रेंच प्रजासत्ताकाने धाडलेल्या सैन्यानेच त्याचा शेवट केला.

एकीकरण प्रत्यक्षात घडले ते पुढच्या दशकांत, आणि निराळ्या हातांनी. काव्हूर व तिसरा नेपोलियन यांची प्लाँब्येर येथील गुप्त भेट (१८५८), त्यानंतरचे ऑस्ट्रियाविरुद्धचे युद्ध (१८५९), गॅरिबॉल्डीची सिसिलीवरील सहस्र वीरांची मोहीम (१८६०), राज्याची घोषणा (१८६१) अशी ही मालिका आहे. व्हेनिस मिळाले ते प्रशियाने ऑस्ट्रियाचा केलेल्या पराभवामुळे (१८६६), आणि रोम मिळाले ते फ्रान्स प्रशियाशी झुंजत असताना (१८७०). म्हणजे इटलीचा नकाशा बदलण्यात गुप्त मंडळांइतकाच, किंबहुना अधिक, वाटा यूरोपीय सत्तांच्या परस्पर वैराचा होता. मॅझिनीच्याच शब्दांतून इटली पाहणाऱ्या मराठी वाचकास हा भाग पुरेसा जाणवत नाही. हिंदुस्थानच्या शेजारी तिसरा नेपोलियन कोठे आहे, हा प्रश्न त्या तुलनेत उपस्थितच होत नाही.

याहून मोठी उणीव शेतकऱ्याविषयीची आहे. १८५७ मध्ये पिसाकाने हा क्रांतिकारक दक्षिण इटलीत साप्री येथे उतरला, तेव्हा ज्यांच्यासाठी तो आला होता त्या ग्रामीण लोकांनीच त्याच्या तुकडीवर शस्त्रे उगारली. एकीकरणानंतरच्या राज्यात मतदानाचा हक्क लोकसंख्येच्या सु. २ टक्के लोकांनाच होता व निरक्षरांचे प्रमाण सु. ७५ टक्के होते. १८६६ मध्ये मेसीनाच्या मतदारांनी मॅझिनीला निवडून दिले, पण जुन्या देहदंडाच्या शिक्षेचे कारण दाखवून ती निवड रद्द करण्यात आली. अखेर पीसा येथे तो ब्राउन असे नाव धारण करून राहिला व तेथेच वारला.

हाच इतिहास मोहनदास करमचंद गांधी यांनी अवघ्या दोन वर्षांनंतर उलट बाजूने वाचला. लंडनमधील सशस्त्र क्रांतिवाद्यांशी चर्चा करून परतताना त्यांनी बोटीवर हिंद स्वराज्य (१९०९) लिहिले. त्यात ‘इटली आणि हिंदुस्थान’ असे एक स्वतंत्र प्रकरण आहे. राजा, काव्हूर आणि गॅरिबॉल्डी यांनी मिळविलेली इटली मॅझिनीला अभिप्रेत असलेली इटली नव्हे, तेथील कष्टकरी अजूनही दुःखी आहे, असा त्यांचा मुद्दा होता. परिणामांकडे पाहण्याची ही दृष्टी अधिक मर्मग्राही आहे. पण तीही निवडकच म्हटली पाहिजे, कारण कर्तव्याचा उपदेशक मॅझिनी आणि सशस्त्र उठावांचा आयोजक मॅझिनी ही एकच व्यक्ती होती. तिने उठावाचा मार्ग कधी सोडला नाही.

सावरकरांची भाषाशुद्धीची चळवळ नंतरची. या ग्रंथाचे गद्य संस्कृतप्रचुर, वक्तृत्वपूर्ण व आवेशयुक्त आहे. प्रस्तावनेतील काही भाग तरुणांनी मुखोद्गत केले होते असे सांगतात. अनुवादापेक्षा प्रस्तावनेचा ओघ सरस आहे, कारण तेथे लेखकास मूळ संहितेचे बंधन नव्हते.

वर निर्देशिलेल्या दोन्ही वाचनांचा पुढील काळात कोकणाशी निकटचा संबंध आला. सावरकर १९२४ ते १९३७ या काळात रत्नागिरीस स्थानबद्ध होते. तेथे त्यांनी अस्पृश्यतानिवारण व सहभोजने यांचा पुरस्कार केला. गांधीमार्गी सीताराम पुरुषोत्तम ऊर्फ अप्पासाहेब पटवर्धन (१८९४–१९७१) यांनी कणकवली येथे गोपुरी आश्रम स्थापन केला (१९४८) आणि मृत जनावरांची कातडी कमावणे, मैल्याचे खत करणे यांसारखी समाजाने हीन ठरविलेली कामे स्वतः हाती घेतली.