ड्रायर: पटकथालेखनातील उमेदवारी

‘जोन ऑफ आर्क’वरील १९२८ च्या मूकपटाने कार्ल थिओडोर ड्रायर यांना जागतिक कीर्ती दिली, परंतु त्या कीर्तीत त्यांची पटकथालेखनातील उमेदवारी झाकोळून गेली. पत्रकारिता करणारे ड्रायर १९१३ मध्ये कोपनहेगनच्या नॉर्डिस्क कंपनीत रुजू झाले. दृश्यांमधील पाट्यांचा मजकूर लिहिणे, संहिता वाचणे, कादंबऱ्यांवरून पटकथा रचणे, ही त्यांची कामे. बेर्टा फॉन झुटनर यांच्या युद्धविरोधी कादंबरीवरील त्यांची पटकथा होल्गर-मॅडसन यांनी १९१४ मध्ये चित्रित केली. त्याच वर्षी महायुद्ध पेटले.

पाटीवर शब्द मोजकेच मावतात. मुद्रेने जे सांगितले ते शब्दांनी पुन्हा सांगू नये, हा विवेक या कामातूनच अंगी बाणतो. १९१९ च्या ‘प्रेसिडेंट’पासून ड्रायर दिग्दर्शक झाले, तरी तो विवेक सुटला नाही. जोनच्या पटकथेसाठी त्यांनी १४३१ च्या खटल्याची नोंद आधारभूत मानली आणि दीर्घकाळ चाललेली चौकशी एका दिवसात आणली. पाटीवर प्रश्न येतो. त्याचा घाव चेहऱ्यावर उमटतो. ही काटछाट दिग्दर्शकाची खरी, पण तिचे संस्कार लेखकाचे आहेत. पटकथेला चित्रपटाचा केवळ कच्चा माल मानणारी समीक्षा म्हणूनच येथे अपुरी पडते.