‘कोर्चाक’ : सुटलेल्या डब्याचा प्रश्न

आंद्रेज वायदा यांचा ‘कोर्चाक’ (1990) हा पोलिश चित्रपट शिक्षकी पेशातील प्रत्येकाने पाहावा, असे आम्हांस वाटते. मात्र त्याच्या शेवटाशी आमचे भांडण आहे.

यानुश कोर्चाक हे वॉर्सातील डॉक्टर, लेखक आणि ज्यू यतीमखान्याचे चालक. त्यांच्या यतीमखान्यात मुलांचे न्यायालय भरे आणि तेथे शिक्षकांवरही फिर्याद करता येई. 1940 साली नाझींनी वॉर्सातील ज्यूंना भिंतीआड कोंडले. कोर्चाक मुलांसह तेथे गेले. वायदांनी हा काळ कृष्णधवल चित्रणात मांडला आहे. वोइचेख प्शोनियाक यांनी उभा केलेला कोर्चाक चिडतो, थकतो, दोनशे मुलांच्या भाकरीसाठी काळाबाजारवाल्यांपुढेही हात पसरतो. एकट्याने निसटण्याची संधी येते, ती नाकारतो. स्वाभिमान आधी की मुलांचे पोट आधी, या प्रश्नाचे उत्तर चित्रपट भाषण न ठोकता देतो.

शेवटी मात्र मुलांचा डबा गाडीपासून सुटतो आणि मुले झेंडा घेऊन धुक्यात संथपणे बागडत निघून जातात. पडद्यावरची अक्षरे सांगतात, की ऑगस्ट 1942 मध्ये कोर्चाक मुलांसह त्रेब्लिंकाच्या विषारी वायूत मेले. फ्रेंच समीक्षकांनी या शेवटावर सडकून टीका केली होती. कोणी म्हणेल, हे कवीचे स्वप्न आहे. पण आम्ही बडनेऱ्याचे, जंक्शनच्या गावचे. सुटलेला डबा कोठेही पोचत नाही, रुळावर उभा राहतो, हे येथील पोरेही जाणतात. आणि तो डबा तर सुटलाच नव्हता.

खुद्द कोर्चाकांनी काय केले? 18 जुलै 1942 रोजी, त्या गाडीच्या जेमतेम तीन आठवडे आधी, त्यांच्या यतीमखान्यातील मुलांनी रवींद्रनाथांचे ‘डाकघर’ सादर केले. त्यातला आजारी, खोलीत कोंडलेला अमल राजाच्या पत्राची वाट पाहत डोळे मिटतो. मुलांना मृत्यूची भीती वाटू नये म्हणून हे नाटक निवडले, असे सांगतात. तेही सांत्वनच. पण ते मरणाऱ्या मुलांसाठी होते आणि देणारा त्यांच्यासोबत गाडीत चढला. वायदांचे सांत्वन खुर्चीत सुखरूप बसलेल्या आम्हां प्रेक्षकांसाठी आहे. ते आम्ही घेऊ नये.

ज्यूंचे दुःख आपण कशाला पाहावे, असे विचारणारे आमच्या मोहल्ल्यातही भेटतात. यतीमाच्या डोक्यावर हात ठेवताना त्याची कौम विचारायची नसते, एवढेच आमचे उत्तर.