ऐकणारा नट

दिलीप प्रभावळकरांवर जऊळक्यात बोलायचं, तर आधी एक कबुली दिली पाहिजे. त्यांचा चिमणराव आम्ही वेळेवर पाहिलाच नाही. मुंबई दूरदर्शन 2 ऑक्टोबर 1972 ला सुरू झालं. चि. वि. जोशींचे चिमणराव-गुंड्याभाऊ त्याच दशकात तिथं आले. प्रभावळकर चिमणराव, बाळ कर्वे गुंड्याभाऊ. पण ते प्रक्षेपण वऱ्हाडातल्या खेड्यापर्यंत येत नव्हतं. मुंबईकर हसत होते तेव्हा आमच्याकडे फक्त पुस्तक होतं. म्हणून हा नट आम्हाला उलट्या टोकानं भेटला. केबल आली, अल्फा मराठी आलं, आणि थेट आजोबाच घरात आले.

'श्रीयुत गंगाधर टिपरे' 2001 मध्ये सुरू झाली. प्रभावळकरांच्याच 'अनुदिनी'वर ती बेतलेली, दिग्दर्शन केदार शिंदे यांचं. 1944 चा जन्म, म्हणजे तेव्हा ते साठीलाही पोचले नव्हते. म्हातारा करायचा म्हटलं की आपल्याकडचा नट कंबर वाकवतो, खोकतो. इथं तसलं फारसं काही नाही. घरातले बोलत असतात आणि आबा ऐकत असतात. ऐकलेलं त्यांच्या चेहऱ्यावर जरा उशिरा पोचतं. आमच्या मते सगळं म्हातारपण त्या उशिरात आहे, आणि ते टिपायला टीव्हीचा जवळचा कॅमेराच लागतो.

लोक म्हणतात, प्रभावळकर भूमिकेत विरघळून जातात. तत्त्वज्ञान शिकवण्यात जन्म गेला आमचा, हे काही पटत नाही. नट विरघळला, तर तो उशीर मोजतो कोण? मोजणारा तिथं पक्का जागा असतो.

'चौकट राजा'मधल्या नंदूची फार वाहवा झाली. आम्हाला मात्र तिथं मेहनत दिसत राहते. नंदू ऐकण्यापेक्षा दाखवतो जास्त.

टिपऱ्यांबद्दलही एक तक्रार आहेच. त्या घरात आबांची अडचण कुणालाच होत नाही. आपल्याकडे वावराच्या वाटण्या झाल्या की बाप चार महिने एका पोराकडे, चार महिने दुसऱ्याकडे. त्याच्या ताटात काय पडतं हे इथं बसलेल्यांना सांगायला नको. तो म्हातारा त्या मालिकेत नाही. तरी आपल्या ओट्यावरचे म्हातारे ती बघायचे. घरातलं कुणी म्हाताऱ्याचं मत विचारतंय, एवढंच त्यांना पुरत असावं.

मग 2006 चा 'लगे रहो मुन्नाभाई'. त्यातला गांधी मुन्नाच्या डोक्यातला आहे, मुन्नाला जे ठाऊक नाही ते त्यालाही ठाऊक नाही. म्हणजे करायचा होता महात्मा, पण एका टपोरीच्या आकलनाएवढाच! प्रभावळकरांनी उपदेशक उभा केला नाही. तो गांधी आधी मुन्नाचं नीट ऐकून घेतो, मग हळू बोलतो. आम्हाला त्यात टिपरे आबाच दिसले. त्या वर्षीचा सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार या कामासाठी आणि 'शेवरी'साठी मिळाला.

नंदूबद्दल समोरच्या रांगेत कुरबुर ऐकू येते आहे. चहा येईस्तोवर तीच आधी ऐकू.