कादंबरीत कबुली, चरित्रात गफलत

आयर्विंग स्टोन (१९०३–१९८९) म्हटले की ‘लस्ट फॉर लाइफ’ आठवते. सतरा प्रकाशकांनी परत पाठवलेली व्हिन्सेंट व्हॅन गॉगवरील ही कादंबरी १९३४ साली निघाली आणि स्टोन यांची वाट ठरून गेली. (‘स्वामी’वर वाढलेल्या आपल्या वाचकाला हा प्रकार परका नाही.) मला महत्त्वाची वाटते ती तिच्या शेवटची छोटी टीप. संवाद कल्पनेने रचले आहेत, मायाचा प्रसंग तर निखळ काल्पनिक आहे, हे स्टोन तेथे आपणहून सांगून टाकतात.

चार वर्षांनी आलेले ‘सेलर ऑन हॉर्सबॅक’ हे जॅक लंडन यांचे ‘चरित्र’ म्हणून छापले गेले. आणि गफलत झाली ती इथेच. लंडन यांच्याच आत्मपर कथनांतला मजकूर स्टोन यांनी अवतरणचिन्हांवाचून निवेदनात मुरवला. कोणते वाक्य पुराव्याचे आणि कोणते कथेतले, हे वाचकाने ओळखायचे कसे?

प्रश्न केवळ उचलेगिरीचा नाही. ‘मार्टिन ईडन’चा नायक समुद्रात जीव देतो. १९१६ साली लंडन वारले तेव्हा मृत्यूच्या दाखल्यावर युरेमियाची नोंद झाली. स्टोन मात्र मॉर्फीनच्या मात्रेची आकडेमोड पुढे करून आत्महत्येकडे बोट दाखवतात. नायकाचे मरण लेखकाच्या खाती जमा झाले, असे मला वाटते. पुढील काही आवृत्त्यांवर ‘चरित्रात्मक कादंबरी’ असे छापले गेले. तोवर आत्महत्येची कथा लोकांच्या तोंडी बसली होती.