दिवा : दास आणि साक्षी

अद्भुत कथेतील वस्तूंचा विचार आपल्याकडे बहुधा त्यांच्या सामर्थ्यावरून केला जातो. परीस लोखंडाचे सोने करतो, कल्पवृक्ष इच्छिलेले देतो, अल्लाउद्दीनचा दिवा एका रात्रीत राजवाडा उभा करतो. एवढी नोंद झाली की समीक्षकाचे काम संपले असे मानले जाते. पेठ येथील वर्गात ही कथा सांगत असता एका विद्यार्थ्याने विचारलेल्या प्रश्नामुळे ही पद्धत किती अपुरी आहे हे प्रस्तुत लेखकाच्या ध्यानी आले. प्रश्न साधाच होता : "सर, त्या दिव्यात तेल कोण घालायचं?" वर्ग हसला. प्रश्न मात्र हसण्यावारी नेण्यासारखा नव्हता.

त्याचे उत्तर 'कोणीही नाही' असे आहे. मूळ कथेत भुयारातील कोनाड्यात दिवा जळत असतो. तो विझवावा, वात फेकून द्यावी, आतील द्रव ओतून टाकावा आणि मग तो घेऊन यावे, अशी जादूगाराची आज्ञा असते. म्हणजे जगातील या सर्वांत विख्यात दिव्याचे कर्तृत्व त्याचा उजेड संपल्यावर सुरू होते. पुढे सर्व कथाभर तो कोणाचाही अंधार दूर करीत नाही. तो ज्याच्या हाती असेल त्याची सेवा त्यातील शक्ती करते. धनी कोण, त्याचा हेतू कोणता, याची विचारणा ती करीत नाही. म्हणूनच जुन्या दिव्यांच्या बदली नवे दिवे देण्याची बतावणी करून जादूगार तो हस्तगत करतो, तेव्हा तीच शक्ती राजवाडा उचलून त्याच्या स्वाधीन करते. तीन इच्छांची मर्यादा या कथेत नाही. ती चित्रपटांच्या द्वारे रूढ झाली आणि १९९२ च्या डिस्ने चित्रपटाने सर्वतोमुखी केली. कथेतील शक्ती एकदाच नकार देते. महालाच्या घुमटाला रुख पक्ष्याचे अंडे टांगण्याची मागणी होते तेव्हा ती संतापते, कारण ते अंडे तिला पूज्य आहे. दासालाही दैवत असते, एवढाच या विश्वातील नीतीचा अंश होय.

ही कथा मराठीत आणणाऱ्या ग्रंथमालेचे नावच 'अरबी भाषेतील सुरस व चमत्कारिक गोष्टी' असे आहे. कृष्णशास्त्री चिपळूणकरांनी १८६१ च्या सुमारास आरंभिलेल्या या मालेला पुढे विष्णुशास्त्र्यांचाही हात लागला. परंतु दिव्याच्या या कथेपुरते हे 'अरबी' विशेषण जपून वापरले पाहिजे. अलेप्पोच्या हन्ना दियाब या सीरियन तरुणाने ती १७०९ साली पॅरिसमध्ये आंत्वान गालाँ यांना सांगितली आणि १७१२ मध्ये ती त्यांच्या फ्रेंच ग्रंथात अवतरली. पुढे जी अरबी हस्तलिखिते तिचे मूळ म्हणून पुढे करण्यात आली, ती फ्रेंचवरून रचलेली होती, हे मुहसिन महदी यांच्या संशोधनाने दाखविले आहे. तात्पर्य, ज्या कथेला आपण पूर्वेचे प्राचीन धन समजतो ती अठराव्या शतकातील एका निवेदकाच्या तोंडून आली आणि फ्रेंच व इंग्रजीचा वळसा घेऊन मराठीत पोचली.

मराठीचा स्वतःचा चमत्कारिक दिवा मात्र वेगळ्याच जातीचा आहे. दिव्यांच्या अवसेच्या कहाणीत राजाची सून घरातील पदार्थ स्वतः खाते आणि आळ उंदरांवर घालते. उंदीर तिची चोळी पाहुण्याच्या अंथरुणात टाकून सूड उगवतात आणि तिला घराबाहेर काढले जाते. ही सून रोज दिवे घाशीत असे, तेलवात करीत असे, अवसेला त्यांना नैवेद्य दाखवीत असे. ती गेल्यावर हे सारे बंद पडते. पुढे आषाढी अमावास्येच्या रात्री राजा एका झाडाखाली उतरला असता गावातील दिवे झाडावर जमून एकमेकांना आपापले वर्तमान सांगताना त्याच्या कानी पडतात. राजाच्या घरचा दिवा आपली उपेक्षा सांगतो आणि तिचे कारणही सांगतो.

दोन्ही कथांत दिवा घासणारी स्त्री आहे, हे येथे लक्षात घेण्यासारखे आहे. अल्लाउद्दीनची आई दिवा घासते ती विकून चार पैसे यावेत म्हणून. त्या घर्षणातून दास प्रकटतो. सून दिवा घासते ती नित्यकर्म म्हणून. त्यातून साक्षी निर्माण होतो. हा साक्षी पक्षपाती नाही. तिने पदार्थ खाल्ला व खोटे सांगितले हेही तो सांगतो, आणि चारित्र्याचा आळ मिथ्या आहे हेही सांगतो. उजेड दोन्ही बाजूंना पडतो.

एक व्रतकथा आणि दुसरी रंजनकथा, तेव्हा ही तुलना विषम आहे, असा आक्षेप येऊ शकेल. तो अंशतः मान्य केला पाहिजे. कहाणीला व्रताचे फळ दाखवावयाचे असते, आणि तिच्यातील न्यायही राजा योगायोगाने तेथे उतरला म्हणूनच घडतो. तथापि भाषेचा पुरावा या भेदाला पुष्टी देतो. 'माझ्याजवळ काही अल्लाउद्दीनचा दिवा नाही' असे आपण म्हणतो. हा वाक्प्रयोग प्रायः नकारातच येतो. याउलट 'वंशाचा दिवा', 'काय दिवे लावलेस' या प्रयोगांत दिवा हा आचरणाचे माप आहे. येथे देशी आणि परकी असा भेद कल्पिणे मात्र चूक ठरेल. देवघरातील समईचे नाव अरबी 'शमअ' या मेणबत्तीवाचक शब्दापर्यंत जाते. 'कंदील' आणि 'मशाल' हे शब्दही अरबीच. शब्द बाहेरून आला. त्यात तेल घालण्याची जबाबदारी मराठी घराने घेतली.

म्हणून कल्पित विश्वातील दिव्य वस्तूचे मूल्यमापन करताना ती काय देते एवढेच न पाहता ती काय मागते हेही पाहिले पाहिजे. जी काहीच मागत नाही ती ज्याच्या हाती पडेल त्याची होते आणि तिच्या विश्वात न्याय हा केवळ ताब्याचा प्रश्न उरतो. जी तेलवातीची अपेक्षा करते तिलाच पाहण्याचा व बोलण्याचा अधिकार प्राप्त होतो. त्या विद्यार्थ्याच्या घरी तेल कोण घालते हे त्याला ठाऊक असले पाहिजे; आपल्या समीक्षेला तो प्रश्न सुचला नव्हता, ही उणीव मान्य करणे प्राप्त आहे.