सिझिजी

भारतीय अमूर्त प्रायोगिक लघुपट. चित्रकार अकबर पदमसी (१९२८–२०२०) यांनी तो १९६९-७० मध्ये मुंबईत तयार केला. जवाहरलाल नेहरू अधिछात्रवृत्तीच्या साहाय्याने त्यांनी तेथे ‘व्हिजन एक्सचेंज वर्कशॉप’ ही कार्यशाळा उभारली होती. चित्रकार, छायाचित्रकार व चित्रपटकार यांनी परस्परांची माध्यमे हाताळून पाहावीत, हा तिचा हेतू होता. नलिनी मलानी यांचा ड्रीम हाउसेस (१९६९) हा लघुपटही तेथेच झाला.

‘सिझिजी’ ही खगोलशास्त्रीय संज्ञा असून तीन खस्थ ज्योती एका रेषेत येण्याची स्थिती तीमधून सूचित होते. सु. ११ मिनिटांच्या या कृष्णधवल मूकपटात माणूस नाही, वस्तू नाही, कथाही नाही. संख्यांवर आधारलेल्या नियमांनुसार बिंदू जोडले जातात, रेषांतून आकृती घडतात आणि विस्कटतात. त्यासाठी पदमसींनी सु. एक हजार रेखाटने केली. सचेतनीकरणासाठी राम मोहन यांचे साहाय्य लाभले.

जर्मनीत व्हायकिंग एगेलिंगने डायगोनल सिंफनी (१९२४) या मूकपटात रेषेलाच नायकत्व दिले होते. मात्र त्याच्या आकृती संगीतातील पलट्यांप्रमाणे पुनःपुन्हा परततात, तर पदमसींची रेषा अशा आवर्तनावर विसंबत नाही; ती गणिताच्या ओघाने पुढे सरकते. येथेच या पटाची मर्यादाही आहे. मूळ नियम प्रेक्षकाला कळत नाही, त्याला केवळ त्याचे फलित दिसते. ध्वनीचा आधार नसल्याने लय शोधण्याचा सारा भार डोळ्यांवर पडतो. फिल्म्स डिव्हिजनसाठी प्रमोद पती यांनी केलेल्या एक्सप्लोरर (१९६८) मधील झपाटलेला वेग व ध्वनींचा कल्लोळ यांच्या तुलनेत हा पट रुक्ष वाटतो. तथापि हा रुक्षपणा जाणीवपूर्वक स्वीकारलेला आहे. कॅमेऱ्यापुढे काही घडवून ते टिपण्याऐवजी रेखाटन हीच कालबद्ध घटना मानणारे इतके निग्रही उदाहरण भारतीय चित्रपटांत क्वचितच आढळते. जपानी चित्रपटकार तोशिओ मात्सुमोतो यांचा आत्मन (१९७५) हा असाच नियमबद्ध लघुपट. पण त्याच्या केंद्रस्थानी मुखवटा घातलेली आकृती आहे. पदमसींनी तेवढाही आधार घेतला नाही.

पदमसींचा दुसरा लघुपट इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर याची एकमेव प्रत गहाळ झाली. आशिम अहलुवालिया यांनी वृद्ध पदमसींच्या सहकार्याने, त्यांच्या आठवणींच्या आधारे, त्याच नावाचा लघुपट २०१६ मध्ये केला. मूळ पटाविषयीचे कोणतेही मत आता या आठवणींवरच बेतावे लागते. सिझिजी मात्र पाहून तपासता येतो.